शंखात ठेवलेले नाव

मित्रांनो, या काचेच्या पेटीतला, सोन्याच्या कडेचा, जरासा पिवळट पडलेला शंख म्हणजे मी. सयामच्या समुद्रात वाढलो. सोनाराने मला घासून सोन्याची कड चढवली आणि मी राजवाड्यात आलो. फुंकायचे शंख वेगळे. मी पाणी घालायचा. मला आवाज नाही.

आमच्या महाराजांना इतकी मुले होती, की दायांचाही गोंधळ उडे. मुलगी अकरा वर्षांची झाली की तिची शेंडी कापायची, अशी तिथली रीत. पहिली बट महाराज स्वतः कापत आणि माझ्यातून तिच्या डोक्यावर पाणी घालत. पुष्कळ मुलांना वडील त्या दिवशीच इतक्या जवळून दिसत. मला तेव्हा केवढा मान होता!

एका वर्षी बुसबाची पाळी आली. तिची आई प्रिम तिच्या शेंडीला मोगरा गुंडाळत होती.

"आई, बाबा माझं नाव घेतील ना गं?"

"घेतील हो. हलू नकोस, गजरा सुटतोय."

"आणि नाही आठवलं तर?"

"काय बाई ही जीभ!" म्हातारी दाई चुएम म्हणाली. "शुभकार्यात असं बोलतात का?"

महाराजांनी बट कापली, मला तिरके केले आणि प्रेमाने म्हणाले, "सुखी राहा, दाराई."

दाराई ही बुसबाची सावत्र बहीण. मागच्या उन्हाळ्यात ती तापाने गेली होती.

प्रिमचे ओठ हलले. चुएमने तिचा हात घट्ट दाबला. "गप राहा, बाईसाहेब! महाराजांच्या तोंडचं नाव कुणी दुरुस्त करतं का?"

पाणी वाहत राहिले. मला ते थांबवता आले नाही. त्या दिवसापासून सगळे तिला दाराई म्हणू लागले. चारचौघांत आईसुद्धा.

पुढे एकदा मला पुसताना बुसबाने ओठ माझ्यापाशी आणले. "तुझ्यात समुद्र राहतो म्हणे. मग हेही ठेव," असे म्हणून तिने हळूच आपले नाव सांगितले.

महाराज गेले, ती रीतही गेली. आता मला कुणी हात लावत नाही. तुमच्यासारखी मुले काचेला कान लावतात, तेव्हा मी जिवाच्या आकांताने ते नाव सांगू पाहतो. काहीच ऐकू येत नाही.

मित्रांनो, घरात माणसे कितीही असोत, प्रत्येकाला त्याच्याच नावाने हाक मारा. आणि इथून जाताना एकदा मोठ्याने 'बुसबा' म्हणा. मला ते जमत नाही.