उंबऱ्याबाहेरची ज्वारी

या, जरा सरकून बसा जवळ. टाळ खाली ठेवतो नि आमच्या वडूजकडच्या ख्रिस्ती देवळातली एक गोष्ट सांगतो. कीर्तनातली नव्हे, कीर्तनात घडलेली.

आमच्या मंडळीत रीत अशी, की दळायला बसण्याआधी बाईनं मूठभर ज्वारी घरातल्या देवाच्या गाडग्यात टाकायची, नि रविवारी ती देवळात वाहायची. त्रेचाळीसच्या टंचाईत विधवा बनुबाईची लेक चंद्रा तापानं पडली. घरात दुसरा दाणा नव्हता. बनुबाईनं त्याच गाडग्यातल्या दोन मुठी काढून पेज केली. मंडळीचे पंच भाऊसो, लष्कराला धान्य पुरवून गबर झालेले. त्यांच्या कानावर गेलं. भर उपासनेत उठून म्हणाले, "देवाला दिलेलं परत घेतलंस. चोरीच ही. सहा महिनं प्रभुभोजन न्हाई, आत पाऊल न्हाई."

चौथ्या दिवशी चंद्रा गेली. बनुबाई सहा महिने देवळाच्या पायरीवर बसून भजनं ऐकत राहिली.

पुढच्या सुगीच्या सणाला भाऊसोंनी गाडीभर ज्वारीची पोती आणली. कीर्तनकार तात्याबांना आदल्या दिवशीच बजावलं होतं, "आवं, उद्या दानावर गावा. लय मोठं दान येणार हाय."

तात्याबा भोळे. दानावरचं म्हणून त्यांनी प्रभूचं नेमकं ते वचन घेतलं: वेदीपाशी दान आणलंस नि कुणाच्या मनात तुझ्याबद्दल सल असला, तर आधी त्याच्याशी समेट कर, मग दान वाहा. काय रंगले म्हातारबा! टाळ धरून माझेच डोळे भरून आले. तेवढ्यात गडी पहिलं पोतं घेऊन उंबऱ्याशी आला, आणि पायरीवर बसलेली बनुबाई उठली.

"थांब रं. माझ्या मनात हाय सल. भाऊसोंबद्दल."

भाऊसो हसले. "बने, खाली बस. कीर्तन चाललंय."

"तेच तर ऐकतीया. तुमी न्हाई ऐकलं?"

कुणी हसेना. भाऊसोंनी तात्याबांकडं पाहिलं. तात्याबा खाली मान घालून म्हणाले, "वचनच हाय, भाऊसो."

"बरं बाई, चुकलं माझं. झालं?"

"न्हाई झालं. समेटाला दोघं लागत्यात. मी न्हाई करत."

"मग गाडी माघारी नेतो!"

"कशी न्याल? देवाला दिलेलं परत घेतलं तर चोरी. तुमीच म्हणाला व्हता."

ज्वारी आत जाईना, माघारी जाईना. मग तिनं कमरेचा विळा काढून पायरीवरच पोतं फाडलं. "बायांनो, पदर धरा गं." वस्तीतल्या सगळ्या उपाशी बाया आल्या. प्रत्येकीच्या पदरात ओंजळ टाकताना बनुबाई मोठ्यानं म्हणे, "चंद्राच्या नावानं." शेवटचं पोतं संपेपर्यंत भाऊसोंना ते ऐकत उभं राहावं लागलं.

याला दोन सुग्या झाल्या. दर सुगीला त्यांची गाडी येते, मंडळीचे पाळकसाहेब बनुबाईला सल गेला का विचारतात, ती म्हणते, "अजून हाय," नि ज्वारी पायरीवरच वाटली जाते. मी क्षमेची पदं गाणारा माणूस, पण तिला 'सोडून दे' म्हणायला माझी जीभ उचलत नाही.

तुम्ही एवढं करा. उद्या दळायच्या आधी मूठ बाजूला काढाल, तेव्हा चंद्राची आठवण ठेवा. सात वर्षांची होती.