धुरपदाबाईच्या पित्तराच्या पुऱ्या

पहिली पुरी फुगली नाही. दुसरीही नाही. तिसरी फुगते की काय असं वाटेपर्यंत एका बाजूने फुस्स झाली, आणि वर्षाने कपाळाला हात लावला. आज सासूचं, धुरपदाबाईचं पहिलं पित्तर. खीर-पुरीवाचून पित्तर कसलं, हे लिंबायतच्या त्या खानदेशी गल्लीत कुणाला सांगायला नको. पण वर्षाच्या हाताची सवयच मोडली होती. कितीतरी महिन्यांत या घरात तळणाची कढई चढलीच नव्हती.

कारण साड्या. वर्षा घरबसल्या साड्यांना डायमंड, म्हणजे चमकते खडे, चिकटवायची. एकच खोली, भिंतीशी साड्यांचे गठ्ठे, आणि काम देणाऱ्या पार्टीचा माणूस साडी नाकाशी धरून बघायचा. तेलाचा वास आला की माल परत. म्हणून तळण बंद. इथवर ठीक होतं हो, पोटापाण्याचा प्रश्न, कोण नावं ठेवणार? पण शेवटच्या दिवसांत म्हातारीने खाटेवरून पुरी मागितली. एकदा नाही, रोज मागितली. आणि या बयेने नवऱ्याला सांगितलं काय, तर डॉक्टरांनी तेल बंद केलंय. भटूला ते खरं वाटलं. दिवसभर लूमखात्यात मागावर उभा राहून आलेला माणूस, तो कशाला विचारायला जातोय? वरणात कालवलेला भात खात धुरपदाबाई गेली.

आज सकाळी मात्र वर्षाने गठ्ठे उचलले आणि वरच्या मजल्यावरच्या शेजारणीकडे, पल्लवीकडे नेऊन ठेवले. चुलीवरचा चहा उकळायच्या आत काम झालं. एवढंसंच काम होतं ते. मोकळी भिंत बघून तिला स्वतःची लाज वाटली.

गेलेल्या माणसाच्या जागी कुणाला तरी पाटावर बसवायचं, पाय धुवायचे, तोच आला असं समजून जेवू घालायचं, ही खानदेशातली रीत. धुरपदाबाईच्या जागी शेजारची सखुबाई बसणार होती. ती दारात आली, चपट्या पुऱ्यांकडे बघितलं, मग मोकळ्या भिंतीकडे बघितलं. वर्षाने मान खाली घातली. म्हातारीला रिक्षातून दवाखान्यात नेलं तेव्हा सखुबाईच सोबत होती. "मागतील ते खाऊ द्या आजींना," हे डॉक्टरांचं बोलणं दोघींनी शेजारी उभं राहून ऐकलं होतं.

"पीठ सैल झायं," सखुबाई एवढंच म्हणाली. "कोरडं पीठ टाकीसन मळ. तेल तापू दे."

वर्षाने पीठ पुन्हा तिंबलं. लाटी तेलात सोडून झाऱ्याने जरा दाबली, आणि पुरी टम्म फुगून वर आली. मग एकामागून एक सगळ्याच फुगल्या.

भटूने निखाऱ्यावर आईच्या नावाचा घास टाकला, सखुबाईचे पाय धुतले, कुंकू लावलं. हात जोडून तो पाटासमोर बसला.

"माय, पोटभर जेव. जित्ती व्हती तवय तुले पुरी देता उनी नही. डॉक्टर नको म्हने."

वर्षाच्या हातातला झारा कढईवर आपटला. सखुबाईने तिच्याकडे पाहिलं. सगळं आता त्या बाईच्या जिभेवर होतं. ती जेवत राहिली, खीर पुसून खाल्ली.

"पोट भरनं का, माय?" भटूने विचारलं.

"भरनं रे भाऊ. तुनी बायकोन्या पुऱ्या चांगल्या शेतस."

भटूने वळून बायकोकडे बघितलं. त्याचे डोळे भरले होते आणि चेहऱ्यावर तिचं कौतुक होतं. शिव्या दिल्या असत्या तर तिने ऐकून घेतल्या असत्या. हे कौतुक मात्र तिला सोसवेना.

"डॉक्टरनी नको म्हनेल नव्हतं," ती म्हणाली. "मी खोटं सांगं. साड्यासले वास लागी म्हनीसन."

भटूने तांब्या उचलला, सखुबाईच्या हातावर पाणी घातलं, वाकून नमस्कार केला, तिला दारापर्यंत सोडून आला. वर्षाने रोजच्यासारखं त्याचं ताट मांडलं आणि दोन पुऱ्या उचलल्या.

"मालेबी वाढू नको," भटू म्हणाला.