मानेवरची पांढरी रेघ

मी एक जुना दगडी सिंह आहे, आणि मित्रांनो, आधीच सांगून टाकतो, मी भित्रा आहे. दुसऱ्यांना धाक वाटावा म्हणून मला घडवले, पण या कंबुज देशाच्या, म्हणजे कंबोडियाच्या, रानात माझ्याइतकी भीती कुणी सोसली नसेल. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात ना, तसे माझे झाले. एक राक्षस गेला की दुसरा माझ्या पाठीमागे हजर असे.

माझा जन्म कुलेनच्या डोंगरात झाला. तिथून मला तराफ्यावर घालून कालव्याने राजधानीत आणले. ज्या कारागिराने मला घडवले त्याने उभ्या जन्मात सिंह पाहिलेला नव्हता. पाहणार कुठून? आमच्या देशात सिंह नाहीतच. त्याने म्हाताऱ्यांकडून वर्णन ऐकले, उरलेले स्वतःच्या दारच्या कुत्र्यावरून भागवले, आणि वर कुरळी आयाळ चढवली. त्यामुळे माझे तोंड जरा कुत्र्यासारखे झाले. राजाच्या हत्तीसमोर मी रुबाबात बसलेला असे, पण गावची कुत्री मला पाहून शेपटी हलवत.

माझ्यासारखाच आणखी एक सिंह त्याने त्याच दगडातून घडवला. आम्हा दोघा भावांना थोरल्या तळ्याच्या पायऱ्यांवर, एकाला डावीकडे आणि एकाला उजवीकडे, बसवले. ते तळे इतके मोठे होते की पलीकडचा काठ दिसत नसे. त्याच्या पाण्यावर भाताची खाचरे पिकत आणि त्या भातावर सगळे राज्य जेवत असे. जवळच पाणी सोडायचे दगडी दार होते, आणि ते राखायला वाप तेन नावाचा माणूस होता. वाप म्हणजे बाप. त्याच्या वयाच्या माणसाला सगळे तसेच हाक मारत.

दरवर्षी कालव्याने नवे पाणी तळ्यात आले की वाप तेन पहिली ओंजळ भरून घेई आणि ती आमच्या तोंडात ओती. आधी माझ्या भावाच्या, मग माझ्या. सिंह प्यायल्याशिवाय त्या पाण्याला कुणी ओठ लावत नसे. पाणी घालताना तो माझ्या नाकावर तळवा टेकवी. वर्षानुवर्षे तळवा टेकून टेकून माझे नाक गुळगुळीत झाले होते. माझ्या आयुष्यातले निर्धास्त दिवस तेवढेच.

मित्रांनो, शत्रू आला म्हणून आमचे राज्य बुडाले असे सगळे सांगतात. मी पायरीवर बसून पाहिले ते वेगळे आहे. आधी गाळ साचला. सुगी झाली की गावोगावची माणसे येऊन कालव्यातला गाळ उपसत. मग ती माणसे पश्चिमेच्या लढाईवर जाऊ लागली, आणि गाळ तसाच राहू लागला. हत्तीवरून छत्र धरून अधिकारी येत, तेव्हा वाप तेन त्यांना वाकून सांगे की कालवा भरत चालला आहे. ते म्हणत, पुढच्या वर्षी बघू. पुढच्या वर्षी नवा अधिकारी येई आणि तोही तेच म्हणे. छत्राचा रंग तेवढा बदले.

मग पावसाने दगा दिला. एक साल गेले, दुसरे गेले, तिसऱ्या साली तळ्याचा तळ भेगाळला आणि माझ्या पायाखालच्या पायऱ्या, ज्या मी कधी पाहिल्याच नव्हत्या, उघड्या पडल्या. मला फार भीती वाटली. वाप तेनचे केस पांढरे झाले होते. त्या साली त्याने घरच्या मडक्यातले पिण्याचे पाणी आणले आणि आमचे ओठ नुसते ओले केले. त्यानंतरच्या साली पाऊस आला तो सूड उगवल्यासारखा. गाळाने भरलेला कालवा ते पाणी पेलणार कसा? बांध फुटला. माती, झाडे, गुरे सगळे माझ्या डोळ्यांसमोरून वाहत गेले, आणि तळ्यात वाळूचे ढीग राहिले.

शत्रू आला तो त्यानंतर. नगराच्या पश्चिमेला धूर दिसू लागला. रोज वाजणारा देवळातला ढोल एके दिवशी वाजलाच नाही. आधी छत्रवाले गेले, मग हत्ती, मग सोनार, मग बाकीचे लोक भांडीकुंडी घेऊन दक्षिणेकडे निघाले. वाप तेन मात्र कोरड्या दारापाशी बसून होता. शेवटी त्याची बायको डोक्यावर तांदळाचे मडके घेऊन आली.

ती म्हणाली, "अहो, उठा आता. कसलं दार राखताय? आत पाणी आहे का थेंबभर?"

तो उठला. माझ्या नाकावर तळवा टेकवून म्हणाला, "आम्ही जाऊन येतो. तोवर सांभाळा."

मी सिंह असूनही मला ओरडावेसे वाटले की मला एकट्याला ठेवून जाऊ नका. ती माणसे परत आली नाहीत.

पुढचा काळ किती होता ते मला सांगता येणार नाही. रान आले. एका झाडाने माझ्या भावाच्या पाठीवर मूळ टाकले आणि हळूहळू त्याला कवळून धरले. रोज वाटे, उद्या ते मूळ माझ्याकडे वळेल. तळ्याच्या जागी झुडपे माजली, आणि जिथे राजाची होडी लागत असे तिथे रानडुकरे लोळू लागली.

मग एक दिवस कुऱ्हाडींचे आवाज आले. मी घाबरलो, पण ते शेतकरी निघाले. त्यांनी रान तोडून खाचरे केली, खांबांवर उंच घरे बांधली, ताडाची झाडे लावली. त्यांना राजे ठाऊक नव्हते. एवढे मोठे दगड राक्षसांनीच रचले असतील असे ते म्हणत. आम्हा दोघांना ते 'ता' म्हणू लागले, म्हणजे आजोबा. गावाची राखण आम्ही करतो असा त्यांचा विश्वास होता. ते आम्हाला केळी ठेवत, भाताची दारू शिंपडत, आणि कुणाला फारच प्रेम आले तर पेटवलेली विडी माझ्या जबड्यात खोचून जात. आमचा अपमान करणाऱ्याचे पोट फुगते आणि तो मरतो, असेही ते म्हणत. मी कधी माशीसुद्धा मारलेली नाही, पण माझे ऐकतो कोण?

एका वर्षी पाऊस लांबला. तेव्हा सगळा गाव घागरी घेऊन आला, आणि एका म्हातारीने माझ्या भावाच्या आणि मग माझ्या तोंडात पाणी ओतले. मित्रांनो, त्यांना हे कुणी शिकवले नव्हते. विचारले तर म्हणायचे, "आमचे आजे-पणजे करायचे म्हणून आम्ही करतो." राजा विसरला गेला, राज्य विसरले गेले, अधिकारी आणि त्यांची छत्रे मातीत गेली, पण वाप तेनची ओंजळ कशी कोण जाणे राहिली होती. मला गहिवरून आले.

पुढे या देशावर फार वाईट दिवस आले. त्यांच्याबद्दल मी थोडेच सांगतो. बंदुका आल्या, माणसे रांगेने नेली गेली, आणि कित्येक वर्षे माझ्यापुढे कुणी केळे ठेवायला धजले नाही. ते संपले तेव्हा रानात जमिनीखाली पुरलेले सुरुंग उरले होते. लोक पायवाट सोडून पाऊल टाकत नसत. माझ्या शेजारच्या घरातल्या चुमचा नवरा सरपण आणायला गेला तो आलाच नाही. तिच्यापाशी एकुलती एक मुलगी राहिली, कुंथिया. तान्हेपणी कुंथियाला ताप चढला होता, तेव्हा चुमने माझ्या पायांशी नवस केला होता आणि पोर वाचली होती. तेव्हापासून चुम मला घरातलाच मानत असे.

आणि मग करवत आली. लावणीचे दिवस होते, भर दुपारी सगळा गाव चिखलात वाकलेला होता. एक गाडी येऊन थांबली. उतरलेल्यांपैकी दोघांच्या खांद्यावर बंदुका होत्या. त्यांनी माझ्या भावाच्या मानेला करवत लावली. दगडावर करवत चालते तो आवाज मी अजून विसरलेलो नाही. पूर आला, रानाने कवळले, तरी जो हलला नव्हता, त्याचे मस्तक पोत्यात गुंडाळून गाडीत ठेवले गेले. मग ते माझ्याकडे वळले. पण करवतीचे दात बोथटले होते. त्यांच्यातल्या एकाने खिशातून खडू काढला आणि माझ्या मानेभोवती पांढरी रेघ ओढली.

"याला पुढच्या खेपेला," तो म्हणाला.

ती रेघ घेऊन मी बसून राहिलो. गाडीचा आवाज आला की मला वाटे, आले. ढग गडगडला तरी वाटे, आले. चुमने ओल्या फडक्याने रेघ पुसली, पण मला ती जाणवतच राहिली.

त्या संध्याकाळी चुमच्या घराखाली, खांबांमधल्या सावलीत, गाव जमला. पुरायचे म्हटले तर मी जागचा हलत नव्हतो. बंदुकीपुढे उभे राहायची कुणाची छाती नव्हती, आणि त्यात त्यांचे चुकलेही नाही. एक जण म्हणाला, अशा मस्तकांना शहरात पैसे मिळतात, नाहीतरी नेणारच आहेत, तर आपणच विकून टाकू.

चुम त्याच्यावर उसळली. "आधी तुझा स्वतःचा आजा विक."

"आमच्या आजोबांना कोण घेतंय मावशी?" तो म्हणाला. "तोंडात एक दात नाही, नाक बसलेलं. फुकट दिलं तरी परत आणून सोडतील."

भेदरलेली माणसेसुद्धा त्यावर हसली. कोपऱ्यात बसलेला त्याचा म्हातारा आजा सगळ्यांपेक्षा जास्त हसला. चुम मात्र हसली नाही. ती माझ्याकडे बघत राहिली.

सकाळी ती घण घेऊन आली. मागोमाग कुंथिया आली. ती आता चांगली मोठी झाली होती. चुमने उदबत्ती लावली, माझ्या तोंडात पाणी ओतले आणि गुडघ्यांवर बसली. घण पाहून मी समजलो. खरे सांगतो, त्या क्षणी मला करवतीपेक्षा त्या बाईची भीती वाटली.

कुंथियाने तिचा हात धरला. "आई, नको ना. तुझं पोट फुगलं तर? तुला काही झालं तर?"

"झालं तर झालं," चुम म्हणाली. "पोट फुगून मेलेलं चालेल मला. यांचं डोकं पोत्यात गेलेलं नाही बघवायचं." मग ती माझ्याकडे वळली. "ता, रागावू नका. रागवायचंच असेल तर माझ्यावर रागवा, पोरीवर नको."

पहिला घाव चुकला आणि कानाला लागला. दुसऱ्या घावाला माझे नाक गेले. वाप तेनच्या तळव्याने गुळगुळीत झालेले नाक. मग जबडा गेला. ती रडत होती आणि मारत होती. शेवटी माझ्या आयाळीच्या मधोमध नुसता खडबडीत दगड राहिला. तिने एकूण एक तुकडा पदरात गोळा केला आणि घरी नेला.

गाडी आली. उतरलेल्यांनी मला पाहिले आणि घाणेरड्या शिव्या दिल्या. एकाने मला लाथ मारली आणि तोच लंगडू लागला. म्होरक्या म्हणाला, "हे तोंडफुटकं कोण घेणार? पेट्रोल वाया गेलं." ते निघून गेले. त्या दिवशी पहिल्यांदा एका सिंहाला बघून चोर पळाले, पण त्यासाठी सिंहाला तोंड गमवावे लागले.

त्यानंतर सगळा गाव चुमच्या पोटाकडे बघू लागला. आंबवलेली मासळी जरा जास्त खाल्ली आणि पोट दुखले तरी ती पांढरी पडे, आणि येऊन माझ्यापुढे बसे. "रागावलात का?" एवढेच विचारे. मला सांगायचे होते, बाई, नाही ग, उलट तुझ्यामुळे मी माझ्या जागी आहे. पण दगडाला बोलता येत नाही, आणि आता तर मला तोंडही नव्हते. ती बिचारी कित्येक वर्षे भीत भीत जगली. तिचे केस पांढरे झाले, नातवंडे झाली, पोट काही फुगले नाही, तरी तिची भीती पुरती गेली नाही.

हल्ली लोक लांबून आम्हाला पाहायला येतात. त्यांना सांगितले जाते की माझे तोंड शत्रूच्या सैनिकांनी फोडले. चुम तिथेच ताडगूळ विकत बसलेली असते. ती ऐकते आणि गिऱ्हाइकाला ताडगूळ बांधून देते.

गेल्या साली एक सरकारी अधिकारी आला. चांगला माणूस होता, माझ्या तुटलेल्या दगडावरून त्याने हळुवार हात फिरवला. त्याला कुठून तरी खरी गोष्ट कळली होती. तो चुमला म्हणाला, "आजी, तुकडे असतील तर द्या. आम्ही यांचं तोंड पुन्हा होतं तसं बसवून देऊ."

चुमने ताडगुळाची टोपली बाजूला सारली. मग तिने विचारले, "बसवाल. आणि मग इथंच ठेवाल?"

त्याने मान खाली घातली. "नाही आजी, खोटं कशाला बोलू? तोंड बसवलं की चोर पुन्हा येतील. यांना कुलपात ठेवावं लागेल. इथं आम्ही सिमेंटचा दुसरा करून बसवू."

"मग आमच्याकडं तुकडे नाहीत," चुम म्हणाली.

तो हसला नाही आणि रागावलाही नाही. मला नमस्कार करून गेला. तो गेल्यावर चुम घागर घेऊन आली. आता तिला उभे राहायला कुंथियाचा आधार लागतो. तिने पाणी जिथे माझे तोंड होते तिथे ओतले. ते आत जात नाही, खडबडीत दगडावरून छातीवर ओघळते. मग तिने तिथे तळवा टेकवला आणि म्हणाली, "ता, अजून थोडी कळ काढा."

मित्रांनो, माझा भाऊ कुठे आहे हे मला ठाऊक नाही. कुठल्या तरी दूरच्या शहरात, कुणाच्या तरी दिवाणखान्यात, दिव्याखाली त्याचे मस्तक ठेवले असेल. तुम्हाला कधी दिसले, तर त्याच्या मानेखाली बघा. तिथे करवतीच्या खुणा असतील. आणि त्याच्या तोंडात घोटभर पाणी घाला, त्याला फार दिवस कुणी पाजलेले नाही.

माझे म्हणाल, तर कुठल्याही सिंहाच्या मस्तकासाठी कुणी गाडी पाठवणार नाही, जुना दगड कापून आणणाऱ्याला कुणी दारात उभे करणार नाही, आणि तोंड असलेला सिंह रानात उघड्यावर निर्धास्त बसू शकेल, असा दिवस मला पाहायचा आहे. तो तुम्ही आणायचा आहे. तो आला की इथे येऊन कुंथियाला सांगा. चुलीखाली कुठे खणायचे ते तिला माहीत आहे.