निरिगचा तास

पुरोहित शेख बिहराम ओल्या पांढऱ्या कपड्यांतच घराच्या पायरीवर टेकले. सकाळपासून टायग्रिसच्या गार पाण्यात उभं राहून त्यांनी एकोणीस जणांना स्नानदीक्षा दिली होती. पायांत त्राण उरलं नव्हतं. तेवढ्यात म्हातारी अनहर आली. तिचा मुलगा साबर, बाजारात चांदीकाम करणारा, आजचा दिवस काढेल असं वाटत नव्हतं.

"येतो गं बाई. कपडे तरी बदलू दे."

"त्याआधी ऐका. साबरच्या जन्माचा तास मी खोटा सांगितला होता. तुमच्या वडिलांना."

"खोटा?"

"पोर जन्मलं निरिगच्या तासाला. मंगळाचा तास, मारामारीचा, रक्ताचा. मी गुरूचा सांगितला. आई होते हो मी."

शेखांना राग यायला हवा होता. पण रागालाही अंगात जोर लागतो. जन्माच्या तासावरूनच तर माणसाचं धर्मनाव निघतं. मेल्यावर सात ग्रहांच्या चौक्या ओलांडून वर जायचं ते त्याच नावानं. नाव चुकलं, तर जीव पहिल्याच चौकीवर अडकायचा.

"सेहेचाळीस वर्षं धड झोपले नाही," अनहर म्हणाली. "माझ्यापायी अडकेल ना तो?"

शेखांनी आतून पोथी आणली. महिन्याची रास धरली, खरा तास मिळवला, आईच्या नावाचा आकडा वजा केला. पुन्हा एकदा मोजलं. जुनं नाव होतं यूहाना. आता निघत होतं शितील. त्यांनी मान वर केली. म्हातारी पोथीकडे नाही, त्यांच्या तोंडाकडे पाहत होती.

"यूहानाच येतंय," ते म्हणाले. "उगाच जीव जाळलास."

ती तिथंच बसली आणि पदराआड हमसून हमसून रडली.

"आता रडतेस काय? जा, नदीचं ताजं पाणी भर. त्याच्या अंगावर पांढरे कपडे चढायला हवेत, जीव आहे तोवर."

ती लगबगीनं गेली. शेखांची बायको सिमत दारातून सगळं पाहत होती.

"पलीकडच्या गावच्या शेखांना बोलावणं धाड," ते तिला म्हणाले. "साबर गेल्यावर त्याचा जीव वर पोचवायची प्रार्थना ते करतील. नाव नीट सांग. शितील, अनहरचा शितील."

"तुम्ही का नाही करत?"

"आत्ताच खोटं बोललोय. या तोंडानं नाही होत ती."

"अहो, पण अनहरनं ते नाव ऐकलं तर?"

"ती प्रार्थना पूजेच्या झोपडीत होते, आत फक्त पुरोहित जातात. ती बाहेर असेल."

"आणि तुम्ही?"

"मीही बाहेरच. तिच्याशेजारी."