हातुगच्या चुलीवरची साखळी

मी साखळी बोलतेय. गुरं बांधायची नव्हे, कैदी बांधायची तर नव्हेच. चुलीवर हंडा टांगायची. काळ्या समुद्राच्या काठच्या डोंगरात, शाप्सुग लोकांच्या गावात, हातुग नावाच्या म्हाताऱ्याच्या कुडाच्या घरात मी पिढ्यानपिढ्या लटकत होते. आता अंगावर गंज चढलाय, तेव्हा बोलताना अडखळले तर सांभाळून घ्या.

हातुगच्या आजोबांनी मला घडवून घेतलं, तेव्हा लोहाराला एक बैल दिला होता म्हणे. आमच्याकडे घराचा मान माझा. नवी सून आली की तिला माझ्याभोवती फिरवायचं, शपथ घ्यायची ती मला धरून. एकदा हातुगचा हाडवैरी पाठलाग चुकवत आत घुसला आणि त्यानं मला घट्ट धरलं. झालं! मला धरलं की वैरीही पाहुणा. हातुगनं दात-ओठ खात त्याला तीन दिवस मटण खाऊ घातलं आणि स्वतः शिवेपर्यंत पोचवून आला. आमची माणसं अशी आहेत, काय करणार!

हातुगची सून गोशनाग. सुनेनं सासऱ्याशी बोलायचं नाही, ही आमची रीत. पण एका घरात राहायचं तर बोलल्याशिवाय भागतं का? मग दोघंही माझ्याशी बोलत. "साखळीबाई, हंडा उतरवलाय हो," असं ती म्हणे आणि म्हातारा जेवायला बसे. "साखळी, राळ्याचा भात आज जरा पातळ झालाय," असं तो म्हणे आणि ती पदराआड हसे. सात वर्षं मी त्या दोघांचे निरोप ऐकले. मला ते फार आवडायचं.

रशियाच्या झारला आमचा किनारा हवा होता. झार तिथं बसला तर तुर्कांच्या सुलतानाला घोर, आणि पुढे हिंदुस्थानची वाट मोकळी होईल म्हणून इंग्रजांना घोर. तिघांच्या नकाशावर आमचं गाव होतं, पण आम्ही कुणाच्याच हिशेबात नव्हतो. जंगलात सैनिकांच्या कुऱ्हाडी चालत, कारण झाडं गेली की लपायला जागा उरत नाही. त्याच जंगलात गोशनागचा नवरा शुमाफ मारला गेला. मागे नेफिन नावाची अडीच वर्षांची पोर राहिली.

शुमाफ गेला त्याच वसंतात एक इंग्रज आमच्याकडे उतरला. लाल दाढी, खिशात वही, बरोबर दुभाष्या. मटण चवीनं खाल्लं, नेफिनला गुडघ्यावर बसवून नाचवलं. झारपुढे झुकू नका, म्हणाला. द्राक्षं पिकायच्या आत आमच्या इंग्लंडच्या राणीची जहाजं तुमच्या मदतीला येतील, असंही म्हणाला. हातुगनं त्याला माझ्यापाशी आणलं. त्यानं मला धरलं आणि तेच पुन्हा म्हटलं. खोटं बोलणाऱ्याचा हात मी ओळखते. त्याचा हात स्वच्छ होता, मनापासून बोलत होता बिचारा. फक्त आपण काय धरलंय हे त्याला ठाऊक नव्हतं, आणि त्याला ते ठाऊक नाही हे हातुगला कळलं नाही.

उन्हाळ्यात झारचा हुकूम आला. डोंगर सोडा. खाली कुबान नदीच्या मैदानात झारची प्रजा होऊन राहा, नाहीतर बोटीत बसून सुलतानाच्या मुलखात जा. शेजाऱ्यांनी गुरं विकली आणि ते बोटीनं गेले. गोशनाग माझ्याखाली निखारे सारखे करत बसली होती. म्हातारा कोपऱ्यात खोगीर शिवत होता.

"साखळीबाई," ती म्हणाली, "समुद्र अजून शांत आहे. बोटीत जागा आहे. पोर लहान आहे. मामंजींना विचार, आपण कुणासाठी थांबलोय?"

"साखळी, सूनबाईला सांग," हातुग मान वर न करता म्हणाला, "तुला धरून दिलेला शब्द मोडलेला मी सत्तर वर्षांत पाहिला नाही."

ती पुन्हा निखारे सारखे करू लागली. मला मात्र ओरडून सांगावंसं वाटत होतं, की निघा, या वेळी माझ्यावर विश्वास ठेवू नका. पण लोखंडाला कुठला आवाज!

द्राक्षं पिकली आणि वेलीवरच सुकली. हातुग रोज नातीला खांद्यावर घेऊन कड्यावर जाई आणि शिडं मोजून परत येई. ती सगळी तुर्की बोटींची असत, आमचीच माणसं न्यायला आलेली. बर्फ पडलं तेव्हा सैनिक आले. कणग्या जाळल्या, मग घरं. हातुगनं मला स्वतः खाली उतरवलं. साखळी बरोबर असली की कुठंही घर मांडता येतं, असं तो स्वतःशीच पुटपुटत होता.

किनाऱ्यावर तीन आठवडे उघड्यावर काढले. बोट मिळाली ती शंभरांची, भरली चारशेंनी. तिसऱ्या दिवशी नेफिन तापानं गेली. खलाशी मेलेल्यांना तसंच पाण्यात ढकलत. देह तरंगत मागं राहत आणि त्यांच्यावर पक्षी उतरत. गोशनाग लेकीला घोंगडीत गुंडाळून मांडीवर घेऊन बसली. ती कुणाला हात लावू देईना.

हातुग उठला. मला गाठोड्यातून काढलं आणि तिच्यापुढे ठेवलं. आमच्यात वडीलधारी माणसं सुनेपुढे मान खाली घालत नाहीत. त्यानं घातली.

"सूनबाई," तो थेट तिला म्हणाला, "माझं चुकलं. पोरीला तरंगू देऊ नकोस."

तिनं मला उचललं आणि त्या लहानशा घोंगडीभोवती गुंडाळलं. कितीतरी वेढे बसले माझे. पोर होतीच एवढीशी. मग उचलायला गेली आणि तिला जमेना. तशीच वाकून राहिली.

"मामंजी," ती म्हणाली, "एका बाजूनं धरा. मला एकटीला नाही उचलवत."

दोघांनी मिळून आम्हाला पाण्यात सोडलं.

पुढे ती दोघं कुठं लागली, त्यांनी चूल कशी मांडली, मला माहीत नाही. इथं खाली मी एकटी नाही, आमच्या डोंगरातली पुष्कळ माणसं आहेत. खारं पाणी मला कडी-कडीनं खातंय. तुमच्यापैकी कुणाला गोशनाग भेटली, तर तिला एवढा निरोप द्या: पोर माझ्यापाशी आहे, मी अजून तिला सोडलेलं नाही.