झाकणाची खूण

लोरूकच्या वेधशाळेत मी झाकण ओढते. नळीच्या तोंडावर होडीएवढी काच आहे, तिच्यावरचं तांब्याचं झाकण दोराने उघडायचं आणि मिटायचं, एवढंच माझं काम. लोकांना वाटतं, बसून खाते. एकदा येऊन ओढून बघा म्हणावं.

वरची भूमी आमच्या डोक्यावर उलटी टांगलेली आहे. मधली शिडी तुटली तेव्हा निम्मी माणसं तिकडे अडकली. गंमत म्हणजे तेही आम्हाला ‘वरचे’च म्हणतात. नळीतून आम्हाला त्यांची छपरं आणि टाळकी दिसतात. त्यांना आमची फक्त काच चमकताना दिसते. इथे प्रत्येकाला आपलं माणूस बघायची पाळी ठरलेली. पाळीच्या दिवशी काच चमकली की ज्याचं माणूस बघतंय त्याने अंगणात येऊन मान वर करायची, दुपारच्या घंटेपर्यंत उभं राहायचं. आणि काच चमकून लगेच मिटली, तर समजायचं, बघणारं माणूस गेलं. शिडी तुटताना घाईघाईत एवढी एकच खूण ठरली. दुसरी एखादी ठरवायचं कुणालाच सुचलं नाही, याचा मला अजून राग येतो.

ओलुनेमावशीचा मुलगा तारिम तिकडे होता, बायको आणि लेकीसह. मावशी सागूच्या भाकऱ्या बांधून पाळीला यायची आणि नळीला डोळा लावून त्याच्याशी भांडायची.

“अरे, पोरीच्या अंगात काहीतरी घाल! उघडी काय नाचवतोस तिला?”

“मावशी, त्याला ऐकू जात नाही,” काच पुसणारा होव्हेन म्हणायचा.

“इथे होता तेव्हा तरी कुठे ऐकत होता?”

त्या पाळीला मात्र तिने भांडण अर्धवट सोडून मला हाक मारली. “बेशो, इकडे ये. डोंगरातलं तळं असं का दिसतंय गं?”

मी डोळा लावला. तळ्याचा बांध फुटला होता. तांबडं पाणी घळीतून खाली सुटलं होतं, आणि त्या घळीच्या तोंडाशी, कोरड्या पात्रात, तारिमचं एकटं घर. मध्ये टेकडीचा आडोसा, त्यामुळे त्याला काहीच दिसत नव्हतं. तो अंगणात उभा होता, लेक खांद्यावर, शेजारी बायको. तिघंही मान वर करून हसत होती.

“पळ रे!” मावशी नळीतच ओरडली. होव्हेन बाहेर धावला आणि फडकं हलवायला लागला. त्यांना इथला डोंगर दिसत नाही, फडकं काय दिसणार? पण त्याला तरी काय बोलू? आम्हा तिघांना सगळं दिसत होतं आणि कुणाच्या हातात काही नव्हतं. आईच्या पाळीला तारिम घंटेआधी कधी हलला नव्हता.

मावशीने डोळा काढला. “झाकण मिट.”

“आत्ता?”

“मिट, उघड आणि लगेच पुन्हा मिट. मी गेले म्हणून कळलं की तो काय करेल? सगळ्यांना घेऊन टेकडी चढेल.”

ते खरं होतं. आई गेली की हातातलं टाकून अख्ख्या घराने टेकडी चढायची आणि माथ्यावर आपले केस कापून ठेवायचे, ही त्यांच्या घरची रीत. पण त्यानंतर घरातल्या कुणी उभ्या जन्मात मान वर करायची नाही, हीसुद्धा रीतच.

“मावशी, तो पुन्हा कधी...”

“मला सांगतेस? ओढ!”

मी दोर ओढला. झाकण मिटलं, उघडलं, मिटलं. आता उघडून बघायचीही सोय नव्हती. काच चमकली असती तर तो माघारी फिरला असता. आम्ही अंधारात बसून राहिलो. मावशीने माझ्या हातात भाकरी ठेवली. संध्याकाळी उघडलं तेव्हा वर नुसतं धुकं होतं, आणि ते पुढे बरेच दिवस हटलं नाही.

पुढच्या पाळीला मावशी दारातच थांबली. “तूच बघ आधी. माझ्याच्याने होत नाही.”

पात्रात चिखल होता, घर नव्हतं. मी नळी टेकडीवर सरकवली. माथ्यावर नवी झोपडी दिसली, धुणं वाळत घालणारी बाई दिसली आणि शेजारी रुंद काठाची एक टोपी.

“आहेत, मावशी! आहेत!”

तिने मला ढकललंच. बराच वेळ ती बघत राहिली. टोपी लाकूड तासत होती. मग पोरगी धावत आली, तिला काच चमकताना दिसली, आणि तिने मान वर करून बोट दाखवलं. टोपीखालून एक हात बाहेर आला आणि त्याने तिचं डोकं हळूच खाली केलं. हे सगळं मावशी मला नळीला डोळा लावूनच सांगत होती.

“बघ, ऐकायला लागला एकदाचा,” ती म्हणाली. “मीच शिकवली होती ही रीत.”

घंटा होईपर्यंत तिने डोळा काढला नाही. मी दोर धरून उभी होते. मावशी जिवंत आहे, हे सांगायला तो दोर किती वेळा ओढायचा, ते कुणी ठरवलंच नव्हतं.