गळ्यापाशी लावलेला माइक

मित्रांनो, मी एक जुना बिनतारी माइक आहे, शेंगदाण्याएवढा. कौतुक सगळं कॅमेऱ्याचं होतं. मला आपलं चिमट्याने माणसाच्या गळ्यापाशी अडकवलं की झालं. पण कारखान्यात मला तपासणारी बाई म्हणाली होती, "कान भारी तिखट आहेत हो याचे!" त्या एका शाबासकीवर मी कितीतरी वर्षं काढली.

माझी मालकीण माहितीपट करायची, नवऱ्याचा मार खाणाऱ्या बायकांवर. कुणाचा जबडा तारेने बांधलेला, कुणाच्या पाठीवर इस्त्रीचा डाग. त्या बोलू लागल्या की त्यांच्या काळजाची धडधड मला ऐकू यायची. कॅमेऱ्याला ती कुठली दिसायला!

शेवटची मुलाखत मालकिणीच्या स्वतःच्या आईची होती. आईचा डावा डोळा सुजून बंद झालेला. तरी म्हणते कशी, "अगं, कपाटाचं दार लागलं. तुझे बाबा देवमाणूस आहेत." लेकीने ओठ चावला आणि कॅमेरा बंद केला. मला काढायचं मात्र विसरली.

आई तशीच स्वयंपाकघरात गेली. मागोमाग बाबा आले आणि त्यांनी आतून कडी लावली.

"काय बरळलीस तिच्यापुढे?"

"काही नाही हो, दारच लागलं म्हटलं..."

पहिली थप्पड माझ्यापासून चार बोटांवर बसली. मग त्यांनी तिचं डोकं ओट्यावर आपटलं. परत आपटलं. गळा धरला तेव्हा त्यांच्या अंगठ्याखाली माझी जाळी चेपली. तिचा श्वास घशात अडकून घरघरत होता. मला ओरडता येत नाही, मित्रांनो. तेव्हा किती तडफडलो म्हणून सांगू!

बाहेर काय झालं ते मला नंतर कळलं. मालकिणीचा ध्वनिमुद्रक हेडफोनवर सगळं ऐकत होता; त्याचा चेहरा पांढराफटक पडला होता. ते हेडफोन मालकिणीच्या कानाला लावत तो म्हणाला, "रेकॉर्डिंग चालू आहे. असा पुरावा पुन्हा मिळायचा नाही."

"खड्ड्यात गेला पुरावा! आई आहे ती माझी!"

तिने हेडफोन भिरकावले, कॅमेऱ्याची तिपाई उचलली आणि दारावर घाव घातले. कडी निखळली. पुढचा घाव बाबांच्या खांद्यावर बसला. हाड मोडलेलं मी ऐकलं, आणि खरं सांगतो, मला बरं वाटलं.

आई फरशीवर बसून रक्त थुंकत होती. लेक मला काढायला वाकली. "चुकलं माझं, आई. हे रेकॉर्डिंग आत्ताच पुसून टाकते."

आईने मला मुठीत घट्ट धरलं. "हात लावू नकोस," ती घोगऱ्या आवाजात म्हणाली. "मी सांगून कोण विश्वास ठेवणार? त्यांच्या तोंडूनच ऐकू दे लोकांना."

माहितीपटात तो आवाज वाजतो तेवढा वेळ पडदा काळा असतो. सभागृहात कुणी खोकतसुद्धा नाही.

आता मी खरखरतो, म्हणून डब्यात पडून असतो. मला जपा, असं मी म्हणणार नाही. पण भिंतीपलीकडून तसा आवाज आला, तर नुसते कान देऊन बसू नका, मित्रांनो. त्याला मी आहे. तुम्ही दार ठोठावा, आणि उघडलं नाही तर माणसं गोळा करून फोडा.